नाणं वर राहिलं पाहिजे

त्या वर्षांत देश जगाशी जोडला जात होता, असं रोज पेपरात छापून यायचं. हिंदी मुलखातल्या आमच्या तापीकाठच्या गावात लालबागेतलं आमचं घर फक्त विजेच्या तारेशी जोडलेलं होतं आणि त्या तारेत दिवसातले निम्मे तास काही नसायचं. तरी जग आम्हाला विसरलं नाही. टीव्हीवर चॅनल वाढली, दुकानांत चिनी टॉर्च आले आणि एका दुपारी समोरच्या घरी इंदूरहून एक बाई हवाबंद प्लास्टिकचे डबे घेऊन आल्या.

डब्यांची ती बैठक बघायला आळीतल्या झाडून सगळ्या बायका जमल्या. चहाबरोबर मावा जिलेबी आहे ही बातमी आधीच फुटली होती. बाईंनी एका डब्यात पाणी भरलं, झाकण लावलं आणि डबा यजमानीणबाईंच्या नव्याकोऱ्या चादरीवर उलटा धरला. थेंब पडला नाही. आम्ही टाळ्या वाजवल्या. मग त्यांनी झाकणाचा मध्यभाग अंगठ्याने दाबला, कड जराशी उचलली, आतली हवा फुस्स करून बाहेर आली. "इसको डकार दिलाइए," त्या म्हणाल्या. तोवर भिंतीला टेकून डुलक्या काढणाऱ्या माझ्या सासूबाई एकदम जाग्या झाल्या. "बाळाले देतात तशी ढेकर," त्या मला म्हणाल्या, "बाई हुशार हाये." त्या क्षणापासून इंदूरच्या बाईंचा शब्द सासूबाईंना प्रमाण झाला.

आता माझ्याबद्दल. मी मुलींच्या शाळेत गृहविज्ञान शिकवायचे. अन्न टिकवण्याचा धडा दरवर्षी यायचा. हिंदी पुस्तकातला तो धडा मी खडूने फ्रिजचं चित्र काढून शिकवायचे आणि वर्गातल्या बहुतेक मुलींनी फ्रिज बघितलेला असायचा तो फक्त कोल्ड्रिंकच्या दुकानात. शून्याखाली अठरा अंश, असं मी इतकं ठणकावून सांगायचे की ऐकणाराला वाटावं, मी तिथेच राहते. तेव्हा डब्यांच्या बाईंनी जे जे सांगितलं ते ते मला आधीच येत होतं, आणि तसं मी शेजारणींना बसल्याबसल्या कळवतही होते. गरम पदार्थ डब्यात भरायचा नाही. काठोकाठ भरायचा नाही, कारण गोठताना पदार्थ फुगतो. एकदा वितळलेलं पुन्हा गोठवून खायचं नाही. एक गोष्ट मात्र मला नवीन होती. बाई म्हणाल्या, तुमच्याकडे लाइट जाते ना, मग एका वाटीत पाणी गोठवा आणि त्या बर्फावर एक नाणं ठेवा. सिक्का वर असेल तर अन्न सुरक्षित. सिक्का वरच राहिला पाहिजे.

किती सोपं! बर्फ वितळला तर नाणं बुडणार, पुन्हा गोठलं तरी नाणं तळाशी राहणार, म्हणजे आपल्यामागे काय घडलं ते कळणार. हे सगळं मी घरी येऊन सासूबाईंना समजावलं. म्हणजे निष्कर्ष तेवढा समजावला. कारण आमटीला फोडणी द्यायची होती. "आई, नाणं वर राहिलं पाहिजे," मी म्हटलं. "वर आहे तोवर चिंता नाही." सासूबाईंनी मान डोलावली. त्यांची मान एकदा डोलली की ती गोष्ट मोडायची नाही, हे घरात सगळ्यांना माहीत होतं.

डब्यांची एवढी गरज पडली ती माझ्या नणंदेमुळे. ती लग्न होऊन जबलपूरला गेली होती आणि त्या वर्षी तिला पहिल्यांदाच दिवस राहिले होते. आमच्याकडे आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, सासरी गेलेल्या लेकी माहेरी येतात. पितरांच्या घागरीवर आंबा ठेवल्याशिवाय घरात कोणी आंबा खात नाही आणि त्यानंतर खापरावरचे पुरणाचे मांडे आणि आमरस असा बेत असतो की माणसाने उठायचं नाव घेऊ नये. त्या आखाजीला नणंद आली नाही. डॉक्टरांनी तिला पलंगावरून उतरू नको म्हणून सांगितलं होतं. पोटात काही ठरत नव्हतं तिच्या, पण फोनवर एकच धोशा: शेतातल्या शेंदऱ्या आंब्याचा रस पाहिजे. दुसरा आंबा नको, बाजारचा नको, शेंदऱ्याच.

शेंदऱ्या म्हणजे आमच्या तापीकाठच्या शेतात केळीच्या बागेच्या बांधावर उभा असलेला गावरान आंबा. फळ लहान, कोय मोठी, रस पातळ आणि शेंदरी. बाहेरच्या पाहुण्याला दिला तर तो भिडेखातर एक वाटी घेई. घरच्या माणसाला मात्र त्यापुढे हापूस म्हणजे पावडर लावलेला नवरदेव वाटायचा. हा आंबा पिकायचा आखाजीनंतर, पार ज्येष्ठाच्या तोंडाशी. नणंद येणार दिवाळीच्या आधी, सातव्या महिन्यात, बाळंतपणाला. मधले महिने कसे पार करायचे हा प्रश्न होता.

त्या आखाजीला सगळ्यांना वाढून झाल्यावर सासूबाईंनी स्वतःच्या ताटात मांडा घेतला आणि त्यावर दूध ओतलं. मी रसाची वाटी पुढे केली. त्यांनी ती परत सरकवली. "पोरीनं खाल्ल्याबिगर मी यंदा आंबा तोंडाले लावत नाही," त्या म्हणाल्या. "तिच्या तोंडाले चव नाही, अन् मी भुरके मारू?" सासरे म्हणाले, हा काय नवीन कायदा?  सासूबाईंच्या कायद्यांना पुस्तक नव्हतं आणि अपीलही नव्हतं.

शेंदऱ्याची पाटी शेतातून आली तेव्हा मी शाळेतला धडा घरात उभा केला. हात धुवा, डबा उकळत्या पाण्याने धुऊन कोरडा करा, रस गाळा. डबा मी दोन बोटं रिकामा ठेवला, झाकण दाबलं, ढेकर काढली आणि ऐटीत आंघोळीला गेले. सकाळी फ्रीजर उघडला तर झाकण एका बाजूने उचकटलेलं आणि रस मटारच्या पिशवीवर ओघळून गोठलेला. मी आंघोळीला गेल्यावर सासूबाईंनी डबा शिगोशीग भरला होता.

"मी दोन बोटं जागा ठेवली होती ना?" मी म्हटलं.

"लेकीसाठी ठेवलेलं भांडं अपुरं ठेवतात का कुठं?" त्या म्हणाल्या. "रिकामी जागा काऊन ठेवायची? अपशकून करून राह्यली का तू?"

लेकीच्या ओटीत कमी घालायचं नाही, तिला द्यायचा डबा वरपर्यंत भरायचा, ही आमच्याकडची रीत. भौतिकशास्त्राला ती माहीत नसल्यामुळे झाकण उडालं. शेवटी तोडगा निघाला. मी उरलेल्या आंब्यांच्या रसाचा नवा डबा दोन बोटं रिकामा भरला आणि सासूबाईंनी झाकणावर हळदकुंकवाचं बोट टेकवून रिकामी जागा भरून काढली. त्या डब्याशेजारी मी वाटीभर पाणी गोठवलं, त्यावर एक नाणं ठेवलं आणि फ्रीजरच्या दाराला चिठ्ठी लावली: उघडू नये. खाली हिंदीतही लिहिलं, कारण आमच्या घरात मराठी सूचना विनंती समजली जायची.

पंधरा दिवस गेले असतील नसतील, तापीच्या खोऱ्यात वावटळ आली. केळीची बाग निम्मी आडवी झाली आणि शेंदऱ्या मुळासकट उपटून बांधाच्या पलीकडे पडला. सासरे शेतातून परत आले, चपला दारात काढून तशाच उलट्या राहू दिल्या आणि ओसरीवर बसले. केळी पुन्हा लावता येतात, ते म्हणाले.  सासूबाई आत गेल्या आणि फ्रिजला पाठ लावून उभ्या राहिल्या, जणू कोणी तो उचलून न्यायला आलं होतं. आता त्या झाडाचा जगात उरलेला सगळा रस त्या एका डब्यात होता आणि तो दिवाळीपर्यंत टिकवायचा होता.

इथून पुढे आमचं घर त्या डब्याभोवती फिरू लागलं. अडचण एकच, वीज. सकाळी जायची, दुपारी जायची, कधी आल्यासारखं करून जायची. वेळापत्रक पेपरात यायचं आणि वीज ते वाचत नसे. आमच्या ह्यांचं कापडाचं दुकान. ते मोठ्या उत्साहाने इन्व्हर्टर घेऊन आले. तो फ्रिजला पुरणारा नव्हता, फक्त एक पंखा आणि एक ट्यूबलाइट चालवायचा. त्यामुळे एवढी सोय झाली की फ्रिज बंद पडलेला आहे हे आता आम्हाला स्वच्छ उजेडात, वाऱ्याखाली बसून बघता येऊ लागलं. "कुछ तो हुआ," हे म्हणायचे. दुकानदार माणसाला काहीतरी झालं एवढं पुरतं.

त्यात शेजाऱ्यांनी आपापले जीव आमच्या फ्रीजरमध्ये आणून घातले. एकीचा मटार, दुसरीचा जिलेबीसाठीचा मावा, तिसरीचं खवलेलं खोबरं. आळीत आमच्याएवढा फ्रिज दुसरा नव्हता. प्रत्येकीला आपला डबा "फक्त बघायला" दिवसातून एकदा यावंसं वाटायचं. मी एकेकीला पिटाळून लावलं. दार उघडलं की थंडी जाते, हे मी इतक्यांदा सांगितलं की मावावाली म्हणाली, तुमच्या घरात शिरताना आता स्वेटर घालून यावं का? मी म्हटलं, या, पण दारापर्यंतच.

पाहणीचा अधिकार मी स्वतःकडे ठेवला होता. आठवडाभर शाळा, रविवारी दुपारी पाहणी. सगळे माझ्यामागे उभे राहायचे. मी फ्रीजरचं दार उघडायचे, बर्फाच्या वाटीकडे बघायचे. नाणं वर. दर रविवारी नाणं वर. कितीही वीज गेलेली असो, नाणं आपलं वर बसलेलं, सावकारासारखं.

मला आश्चर्य वाटायला हवं होतं. मला अभिमान वाटला. मी वर्गात सांगितलं, मुलींनो, दार उघडलं नाही, डबा नीट भरला, हवा काढली, तर पाच पाच तास वीज नसतानाही पदार्थ गोठलेला राहतो, हे मी स्वतः सिद्ध केलं आहे. मुख्याध्यापिकाबाईंनी प्रार्थनेनंतर माझं नाव घेतलं. पलीकडच्या घरातले गृहस्थ विजेच्या कचेरीत कारकून होते. ते तर एका रविवारी दोन पाहुण्यांना घेऊनच आले. "देखो," ते फ्रीजरसमोर हात करून म्हणाले, "लोक बोंबलतात की लाइट नाही, लाइट नाही. सिक्का हिला क्या?" पाहुण्यांनी वाकून नाण्याचं दर्शन घेतलं. त्यांच्यातल्या एकाने सवयीने हातही जोडले. गृहस्थ इतके खूश झाले की जाताना मटारवालीच्या विजेबद्दलच्या तक्रारीवर सही न करताच तिला समजावून गेले. त्यानंतर आठवडाभर वीज आणखी जास्त गेली आणि नाणं तरीही वर राहिलं.

सासूबाई त्या काळात शांत झाल्या होत्या. दुपारी तापीच्या राजघाटावर भजनाला जायचा त्यांचा कित्येक वर्षांचा नेम त्यांनी सोडला. बरोबरच्या बायका बोलवायला यायच्या, तर ह्या म्हणायच्या, गुडघा दुखतो. मला वाटलं, वय झालं. सासरे म्हणाले, भजनाचा कंटाळा आला असेल, मला तर ऐकूनच येतो. फोनवर मात्र लेकीशी त्या भरभरून बोलायच्या. आम्ही घरी नसताना बोलायच्या, म्हणून काय बोलतात ते आम्हाला कळत नसे. बिल आल्यावर हे कळवळायचे, तेवढंच.

नणंद आली ती दिवाळीच्या आठ दिवस आधी. गाडी दुपारची होती. सासूबाईंनी सकाळीच मांड्यांचं पुरण घातलं होतं. पोळ्या मऊ राहाव्यात म्हणून फडक्यांच्या घड्या तयार होत्या. सासरे आणि हे स्टेशनवर गेले. स्टेशन लालबागेतच, पण सासरे तासभर आधी निघाले. डबा फ्रीजरमधून कधी काढायचा यावर घरात वाद झाला. मी म्हटलं, आधी फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवून हळूहळू वितळवायचा. सासूबाई म्हणाल्या, गाडीनं नेपानगर स्टेशन सोडलं का काढू. गाडीने नेपानगर सोडलं हे आपल्याला कोण सांगणार, हा प्रश्न त्यांना पडला नाही. आणि त्या दिवशी गाडी चांदनीला येऊन जी थांबली ती हलेचना. चांदनी म्हणजे हाकेच्या अंतरावरचं स्टेशन. माहेर नाकासमोर आणि गाडी उभी. पुढे नणंद म्हणाली, त्या तेवढ्या वेळात मला वाटलं, उतरून चालत यावं.

ती घरात आली तेव्हा मी तिला ओळखलंच नाही. पोट तेवढं मोठं, बाकी काटक्या. डोळ्यांखाली काळं. सासूबाईंनी भाकरतुकडा ओवाळून टाकला, तिच्या गालांवरून हात फिरवला आणि म्हणाल्या, "काय खाऊन राह्यली होती माय तू तिकडं?" नणंद म्हणाली, "काही नाही. काही जातच नव्हतं. इथल्या रसाकडे बघूनच दिवस काढले."

मग मी माझा समारंभ सुरू केला. तिचा हात धरून तिला फ्रिजपाशी नेलं. फ्रीजरचं दार उघडलं. डब्याच्या शेजारी बर्फाची वाटी, बर्फावर नाणं, स्वच्छ चकचकीत. "बघ," मी म्हटलं, "जूनपासून हललं नाही."

नणंद हसली. "हललं नाही काय वहिनी? आई तर फोनवर सांगायची, मेलं रोज पडतं म्हणून."

मी सासूबाईंकडे बघितलं. त्यांच्या चेहऱ्यावर चोरी पकडल्याचा भाव मुळीच नव्हता. उलट, इतक्या महिन्यांनी कोणीतरी विचारलं याचं समाधान होतं.

"पडत होतं ना," त्या म्हणाल्या. "लाइट गेली का तीन-चार घंट्यानं पाणी होऊन जायचं. मंग ते डुबायचं. मी त्याले काढून पुसून ठेवायची. लाइट आली, का बसून राह्यची. वरून पापुद्रा धरला का हळूच वर ठेवून द्यायची. लवकर ठेवलं तर पुन्हा डुबतं, उशीर केला तर चिकटत नाही. लय ध्यान ठेवा लागतं." त्यांनी माझ्याकडे बघून मान हलवली. "तूच सांगितलं होतं ना, वर राह्यलं पाहिजे. एक दिवस बी मी त्याले खाली राहू दिलं नाही. भजनाले सुद्धा गेली नाही."

 बाहेर मटारवाली कोणाला तरी हाक मारत होती. मी डब्याचं झाकण काढलं. रस सुंदर दिसत होता. रंग तसाच शेंदरी, वास तसाच. कडेने बर्फाचे मोठे खडे धरले होते एवढंच. तो किती वेळा वितळला आणि किती वेळा गोठला होता याचा हिशोब कोणालाही करता आला नसता. जून, जुलै, ऑगस्ट, सगळा पावसाळा. रोजची दुपार.

"हा खाता येणार नाही," मी म्हटलं.

मग आमच्या घरात नेहमी बसते तशी समिती बसली. सासरे म्हणाले, रंग चांगला आहे, वास चांगला आहे, अजून काय पाहिजे, आम्ही लहानपणी काय काय खाल्लं. हे म्हणाले, उकळून घ्या ना, दूध नाही का उकळत. सासरे पुन्हा म्हणाले, आधी मी वाटीभर खातो, संध्याकाळपर्यंत मला काही झालं नाही तर पोरीला द्या. त्यांच्या या त्यागामागे शेंदऱ्याचा रस होता हे सगळ्यांच्या लक्षात आलं. मी म्हणत राहिले, नाही, वासावरून कळत नाही, रंगावरून कळत नाही, उकळूनही भरवसा नाही, पोटुशी बाईला तर नाहीच नाही. माझा आवाज वर्गातल्यासारखा चढला होता. मला रडायला येत होतं, म्हणून चढला होता.

 सासूबाईंनी मला एकच विचारलं. "आता तर नाणं वर हाये ना?"

"आई, नाणं नुसतं सांगायचं काम करतं. ते पडलं, तेव्हाच रस गेला. ते उचलून वर ठेवलं म्हणून रस परत येत नाही."

"बाळाले बाधंल?"

"बाधू शकतं. तिलाही, बाळालाही."

या गडबडीत डबा नणंदेच्या हातात गेला होता. चमचा तिने शोधलाही होता. तिने आईकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, मग डबा नाकाशी नेला आणि डोळे मिटून वास घेतला. बराच वेळ घेतला.  मला वाटलं, आता ती ओठ लावते की काय. मी हात पुढे केला, पण माझ्याआधी सासूबाई पोचल्या होत्या. त्यांनी लेकीच्या हातातून डबा काढून घेतला, स्वतः एकदा वास घेतला, फक्त एकदा, आणि मागच्या अंगणात गेल्या. पेरूच्या बुडाशी त्यांनी तो ओतला. अर्धवट गोठलेला रस एकदम पडेना, तर त्यांनी हाताने खरवडून काढला. मग हात धुवायच्या आधी तसाच मातीवर पुसला.

"माझ्या पोरीसाठी ठेवलेलं मी माझ्या हातानं फेकलं," परत आल्यावर त्या म्हणाल्या. बास, एवढंच. मग त्या पुरणाकडे वळल्या, कारण मांडे करायचे होते आणि माणसं उपाशी होती.

दूध आणि मांडे असं जेवण झालं. जेवताना नणंदेने विचारलं, "आई, तू तरी खाल्लास का यंदा शेंदऱ्या?" सासूबाई म्हणाल्या, "मी? माझा दात दुखून राह्यला होता." सासरे काहीतरी बोलणार होते. मी त्यांना मांडा वाढला.

तो डबा मी दोनदा साबणाने घासला. प्लास्टिकला रंग धरला होता तो गेला नाही आणि वासही गेला नाही. मी तो भंगारात घालणार होते, पण दुसऱ्या दिवशी तो स्वयंपाकघरातल्या फळीवर झाकण लावून ठेवलेला दिसला. पुढचे तीन महिने, नणंदेला मळमळायला लागलं की सासूबाई तो डबा तिच्यासमोर धरायच्या. कड जराशी उचलायची, तिने वास घ्यायचा, की लगेच झाकण दाबून ढेकर काढायची. वास पुरवून पुरवून वापरायचा, अशी त्यांची शिस्त होती. डबा खरोखर हवाबंद होता, याबद्दल मला इंदूरच्या बाईंना आजही चांगलंच म्हणावं लागेल. रिकाम्या डब्यावर त्यांच्यासारखी हमी कोणी देऊ शकलं नसतं. वास घेऊन मग नणंद दोन घास भाकरी खायची. मुलगी झाली तेव्हा ती चांगली गुटगुटीत होती.

वाटी आणि नाणं मी काढून टाकलं. विजेच्या कचेरीतले गृहस्थ एका रविवारी पुन्हा कोणाला तरी घेऊन आले, तर मी सांगितलं, सिक्का रिटायर झाला. मावावालीने आपला उरलेला मावा काढून नेला आणि चार दिवस माझ्याशी बोलली नाही, कारण निम्मा तिने दसऱ्यालाच खाल्ला होता. वर्गात पुढच्या वर्षी तो धडा आला तेव्हा मी नाण्याची गोष्ट सांगितली, पण आमच्या घरचा विक्रम सांगितला नाही. त्याऐवजी मुलींना विचारलं की नाणं कशासाठी ठेवतात. एक मुलगी म्हणाली, बरकतीसाठी. मी तिला बसवलं नाही. पहिल्यापासून सगळं सांगितलं, निष्कर्षाच्या आधीचंही.

मग आखाजी आली. नणंद बाळंतपणानंतर जबलपूरला गेली होती ती लेकीला घेऊन परत आली. घागर भरली, घागरीवर आंबा ठेवला. आंबा बाजारचा होता, गुजरातेतून आलेला, दिसायला मोठा गोरा. मांडे झाले. रस काढला. मी सगळ्यांच्या वाट्या भरल्या आणि सासूबाईंचीही भरली. त्यांनी वाटीला हात लावला नाही. हातातलं उलथनं तसंच धरून त्या लेकीकडे बघत बसल्या. गेला आंब्याचा अख्खा मोसम त्या बाईने कोरडा काढला होता, आणि त्याबद्दल घरात कोणालाही बोलायची परवानगी नव्हती. नणंदेने मांड्याचा तुकडा रसात बुडवला, तोंडात घातला, चावला. सासूबाईंची नजर तिच्या गळ्यावर होती. घास खाली उतरला तेव्हा त्यांनी उलथनं खाली ठेवलं आणि आपली वाटी ओढून घेतली.

एक भुरका मारला. दुसरा मारला. वाटी पुसून खाल्ली.

"शेंदऱ्या नाही," त्या म्हणाल्या. "साखर लागती."

आणि वाटी माझ्यापुढे केली, अजून वाढ म्हणून.